लोखंडी मुकुट आणि तीन कपाळे

जादूच्या कथांमध्ये मुकुटाला सहसा काहीतरी काम नेमून दिलेले असते. तो डोक्यावर चढवला की धारण करणारा अदृश्य होतो, किंवा पशुपक्ष्यांची बोली त्याला कळू लागते, किंवा शत्रूची सैन्ये आपोआप शरण येतात. जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द सिल्मारिल्यन’ या ग्रंथातील लोखंडी मुकुट यांपैकी काहीही करीत नाही. धारण करणाऱ्याला तो एकही लढाई जिंकून देत नाही. उलट त्यातील रत्ने त्याचे हात जाळतात, त्याचा भार त्याला थकवून टाकतो आणि अखेरीस त्याच्याच गळ्यात येऊन पडतो. असे असूनही आधुनिक काळात रचल्या गेलेल्या कल्पित जगांतील साऱ्या मुकुटांमध्ये हाच आम्हांला सर्वांत अर्थपूर्ण वाटतो. तो तसा का वाटतो, हे वाचकांपुढे मांडण्याचा आमचा विचार आहे.

निमित्त घडले ते एका मालिकेचे. टोल्किन यांच्या जगावर बेतलेल्या ‘द रिंग्ज ऑफ पॉवर’ या मालिकेचा दुसरा भाग २०२४ साली आंतरजालावरून घरोघरी पोहोचला आणि धर्मग्रामातील तरुण मंडळींत त्याची चर्चा झाली. त्या भागाच्या आरंभीच हा मुकुट दिसतो. सॉरॉन राज्याभिषेकासाठी गुडघे टेकतो आणि ज्याने त्याच्या मस्तकी मुकुट ठेवावयाचा, तोच तो उलटा करून त्याच्या देहात खुपसतो. शेवटच्या प्रकरणात त्याच मुकुटाने गालाड्रिएल जखमी होते. दृश्ये परिणामकारक आहेत, यात शंका नाही. परंतु मूळ ग्रंथात त्या काळापर्यंत हा मुकुट मुकुट म्हणून उरलेलाच नाही. मालिकेच्या निर्मात्यांपाशी ‘सिल्मारिल्यन’चे हक्क नव्हते; ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’, त्याची परिशिष्टे आणि ‘द हॉबिट’ एवढ्यावरच त्यांना भागवावे लागले, हेही त्यांच्या बाजूने सांगितले पाहिजे. तथापि मुकुटाचे हत्यार केल्याने नेमके काय गमावले, हे समजण्यासाठी मूळ कथेकडेच वळावे लागते.

टोल्किन यांच्याविषयी थोडे. १८९२ साली दक्षिण आफ्रिकेतील ब्लूमफाँटेन येथे त्यांचा जन्म झाला. वडील लवकर वारले. आई मेबल हिने १९०० साली कॅथलिक धर्म स्वीकारला, तेव्हा नातलगांनी मदतीचा हात आखडता घेतला. १९०४ साली तीही गेली. पोरक्या झालेल्या दोन मुलांचे पालकत्व तिने बर्मिंगहॅमच्या ऑरेटरीतील फादर फ्रान्सिस मॉर्गन यांच्याकडे सोपविले होते. ही ऑरेटरी म्हणजे संत जॉन हेन्री न्यूमन यांनी स्थापन केलेले धर्मगुरूंचे घर. पुढे टोल्किन ऑक्सफर्ड येथे प्राचीन इंग्रजी भाषेचे प्राध्यापक झाले आणि जन्मभर श्रद्धाळू कॅथलिक राहिले. पहिल्या महायुद्धात सोमच्या खंदकांतून आजारी होऊन ते परतले आणि त्याच सुमारास, १९१६-१७ मध्ये, या कथांचा आरंभ झाला. १९७३ साली मृत्यू येईपर्यंत ते त्या लिहीत, खोडीत, पुन्हा लिहीत राहिले. ग्रंथ त्यांच्या हातून पुरा झाला नाही. चिरंजीव ख्रिस्तोफर यांनी तो संपादित करून १९७७ साली प्रसिद्ध केला. त्यातील परकी नावे आम्ही कानाला जशी वाटली तशी देवनागरीत उतरविली आहेत. जाणकारांनी सांभाळून घ्यावे.

मुकुटाची कथा मुकुटापासून सुरू होत नाही. सूर्य आणि चंद्र निर्माण होण्यापूर्वी जगाला प्रकाश देणारे दोन वृक्ष होते, एक रुपेरी आणि एक सोनेरी. फेआनोर नावाच्या एका एल्फाने, म्हणजे त्या अमर वंशातील सर्वश्रेष्ठ कारागिराने, या दोन्ही वृक्षांचा मिसळलेला प्रकाश तीन रत्नांत साठविला. तीच सिल्मारिल. ताऱ्यांची स्वामिनी वार्दा हिने त्यांना आशीर्वाद दिला, तो असा की मर्त्य देह, अपवित्र हात किंवा दुष्ट असे काहीही त्यांना स्पर्श करील तर होरपळून निघेल.

येथे लेखकाने एक लहानसा तपशील ठेवला आहे. घाईत वाचणाऱ्याच्या नजरेतून तो निसटतो. मोठ्या सणासमारंभांना फेआनोर ही रत्ने आपल्या कपाळावर बांधून मिरवीत असे आणि एरवी ती कोठाराच्या आत, कड्याकुलपात ठेवीत असे. पुढे पुढे तर आपले वडील आणि सात मुलगे यांच्याखेरीज इतरांना ती दाखविणेही त्याच्या जिवावर येऊ लागले. त्या रत्नांतला प्रकाश आपण निर्माण केलेला नाही, याचा त्याला विसर पडला. आमच्या मते लोखंडी मुकुटाचा पहिला घाव येथेच, फेआनोरच्या कपाळावर, घातला गेला. लोखंड नंतर आले.

यानंतर मेल्कोर येतो. आरंभीच्या दिव्य सामर्थ्यांपैकी तो सर्वांत बलिष्ठ, आणि सर्वांत भ्रष्ट. उंगोलियान्ट नावाच्या राक्षसी कोळिणीला बरोबर घेऊन तो दोन्ही वृक्ष मारतो. जगावर अंधार पसरतो. तेव्हा वृक्षांची पालनकर्ती यावान्ना फेआनोरला म्हणते की, त्या रत्नांतील थोडा प्रकाश मिळाला तर वृक्ष अजून जगतील. रत्ने मात्र फोडावी लागतील. भर सभेत सारे त्याच्याकडे पाहत राहतात. विचार करायला त्याला अवधी दिला जातो, कुणी बळजबरी करीत नाही, आणि तो नकार देतो. एवढ्यात निरोप येतो की मेल्कोरने फेआनोरच्या वडिलांचा वध केला असून तिन्ही रत्ने लांबविली आहेत.

म्हणजे तो होकार देता, तरी द्यावयाला त्याच्यापाशी काहीच नव्हते. मग त्या प्रश्नाला अर्थ काय राहिला? येथे निवेदक क्षणभर थांबतो आणि सुचवितो की, निरोप येण्याआधी फेआनोर ‘हो’ म्हणाला असता तर त्याची पुढची कृत्ये कदाचित वेगळी झाली असती. वृक्ष वाचले नसते. तो वाचला असता. या एका वाक्यात टोल्किन यांनी जे साधले आहे, ते पाप आणि स्वेच्छा यांवरील अनेक व्याख्यानांना साधत नाही. आम्ही स्वतः अशी व्याख्याने सेमिनरीत बाकावर बसून ऐकली आहेत, म्हणून हे जाणिवेने लिहितो. देण्याची वस्तू हातची गेली तरी देण्याचा प्रश्न उरतोच. फेआनोरने मात्र मेल्कोरला ‘मॉर्गोथ’, म्हणजे जगाचा काळा वैरी, हे नाव ठेवले, सात मुलांसह एक भयंकर शपथ वाहिली आणि तो पाठलागाला निघाला. वाटेत जहाजांसाठी आपल्याच भाऊबंदांचे रक्त सांडले. प्रकाश परत आणण्यासाठी निघालेल्यांची ती पहिली कमाई होती.

तिकडे आंगबांदच्या पाताळात मॉर्गोथने स्वतःसाठी लोखंडाचा एक प्रचंड मुकुट घडविला, त्यात तिन्ही सिल्मारिल बसविली आणि आपण जगाचा राजा असल्याचे जाहीर केले. रत्ने हाताळताना त्याचे हात जळून काळे पडले आणि कायमचे काळे राहिले. त्या जळण्याची वेदना आणि त्या वेदनेचा संताप यांतून त्याची कधीच सुटका झाली नाही. मुकुटाचा भार त्याला असह्य शीण देई, पण तो त्याने डोक्यावरून कधी उतरविला नाही.

या वर्णनात मुकुटाच्या जादूविषयी एक अक्षरही नाही, हे वाचकांनी ध्यानात घ्यावे. त्यात जे तेजस्वी आहे ते दुसऱ्याचे आहे, आणि मॉर्गोथचे स्वतःचे असे फक्त लोखंड आहे. दुष्टतेला स्वतःचे सत्त्व नसते, ती चांगल्यातील उणीव असते, असे संत ऑगस्टीन यांनी शिकविले. टोल्किन यांनी ते त्यांच्याकडून उचलले की प्रार्थनेच्या संस्कारातून ते त्यांच्यात भिनले होते, हा वाद आम्ही घालीत नाही. कथेत ते शिकवण म्हणून येत नाही, काळवंडलेल्या हातांच्या रूपाने येते. ज्या वस्तूने आपण जळतो ती खाली ठेवता येत नाही, ही अवस्था कोणत्याही धर्मग्रामात अपरिचित नाही. भावाभावांतील जमिनीच्या तंट्यात दोन दोन पिढ्या अबोला धरलेली घरे आपण सर्वांनी पाहिली आहेत. असो.

लोखंडी मुकुट म्हटले की इतिहासातला एक मुकुट आठवतो. इटलीतील मोंझा येथील महामंदिरात लोम्बार्डीचा लोखंडी मुकुट जतन केलेला आहे. त्याच्या आतील बाजूची पट्टी प्रभू येशूच्या क्रुसाच्या खिळ्यापासून बनविली आहे अशी परंपरा असल्यामुळे त्याला हे नाव मिळाले. विसाव्या शतकाच्या अखेरीस झालेल्या तपासणीत ती पट्टी चांदीची ठरली. मुकुटाविषयीचा आदर मात्र तेवढ्याने उणावला नाही. १८०५ साली मिलान येथे नेपोलियनने हा मुकुट स्वतःच्या हाताने स्वतःच्या डोक्यावर ठेवला. आदल्या वर्षी पॅरिसमध्ये, पोप सातवे पायस समोर असताना, त्याने तेच केले होते. टोल्किन यांच्या मनात मोंझा होते असे सुचविण्याचा आमचा हेतू नाही. पण ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडातील आरागॉर्नचा राज्याभिषेक याच्याशेजारी ठेवून पाहावा. गॉन्डॉरचा मुकुट शुभ्र आहे, त्याच्या दोन्ही बाजूंना समुद्रपक्ष्याचे रुपेरी, मोतिया पंख आहेत. तो हाती येताच आरागॉर्न डोक्यावर चढवीत नाही. अनेकांच्या कष्टांमुळे आपण येथवर आलो याची आठवण ठेवून तो म्हणतो की मुकुट फ्रोडोने आपल्यापर्यंत आणावा आणि गॅन्डाल्फने तो मस्तकी ठेवावा. मग तो गुडघे टेकतो. लोखंडी मुकुट ज्याने घडविला, त्यानेच स्वतःला घातला. हा दुसऱ्याच्या हातून येतो. दोन्ही प्रसंग एकाच लेखकाचे आहेत आणि परस्परांकडे पाहूनच लिहिलेले असावेत, असे आम्हांला वाटते.

आता मुकुटाच्या खऱ्या प्रसंगाकडे. बेरेन नावाचा एक मर्त्य मनुष्य लुथिएन या एल्फ राजकन्येच्या प्रेमात पडतो. (१९१७ साली यॉर्कशरमधील रूस येथे रानफुलांमध्ये आपल्या पत्नीने केलेल्या नृत्यावरून टोल्किन यांना ही कथा सुचली. ऑक्सफर्डच्या वुल्व्हरकोट दफनभूमीत त्या दोघांच्या समाधीवर त्यांच्या नावांखाली लुथिएन आणि बेरेन ही नावे कोरलेली आहेत.) लुथिएनचा बाप, राजा थिंगॉल, म्हणतो, ‘मॉर्गोथच्या मुकुटातील एक सिल्मारिल हातात घेऊन ये, मग माझी मुलगी माग.’ जावई नको असलेला बाप अशक्य अट घालतो, हे आपल्याकडील लोककथांनाही नवे नाही. येथे फरक असा की, ती अट घालताच बापाच्या मनातही त्या रत्नाचा लोभ शिरतो आणि त्याचे राज्य शपथेच्या शापात ओढले जाते.

सैन्यांना जे शतकानुशतके साधले नव्हते ते करायला दोन जीव निघतात. बेरेन लांडग्याचे आणि लुथिएन वटवाघळाचे रूप घेऊन आंगबांदच्या तळच्या दालनात पोहोचतात. मॉर्गोथच्या इच्छाशक्तीने लुथिएनचे सोंग गळून पडते आणि ती त्याच्यासमोर गाऊ लागते. तिच्या गाण्याने दरबार निद्रिस्त होतो, दिवे विझतात. आणि मुकुटातील सिल्मारिल एकाएकी पांढऱ्या ज्वाळेसारखी पेटून उठतात. मुकुटाचा आणि रत्नांचा भार इतका वाढतो की मॉर्गोथचे डोके खाली झुकते. साऱ्या जगाचे ओझे, चिंता, वेदना आणि वासना यांसह, त्यावर ठेवल्यासारखे होते. तो सिंहासनावरून डोंगरकडा ढासळावा तसा कोसळतो आणि मुकुट घरंगळत जातो.

साऱ्या ग्रंथातील हे शिखर आहे. मॉर्गोथला या क्षणी कुणीही शस्त्र लावलेले नाही. त्याला खाली ओढले ते त्याने स्वतःच डोक्यावर घेतलेल्या वस्तूने. ती रत्ने इतकी वर्षे तेथे होती, पण त्यांना ओळखीचा सूर ऐकू येईपर्यंत ती नुसती ओझे होऊन राहिली. सूर कानी आला आणि ती आपल्या मूळ स्वभावानुसार वागली. कल्पितकथेच्या लेखकाने एखाद्या वस्तूला जादूची शक्ती द्यावयाची ठरविली तर ती अशी द्यावी. तिच्या घडणीतून जे निघते त्याहून अधिक काही तिच्याकडून करवून घेऊ नये. मालिकेतील टोकदार मुकुट कुणाच्याही देहात खुपसता येतो, कारण कोणतीही अणकुचीदार वस्तू खुपसता येते. त्यासाठी तो मुकुट असण्याची गरजच पडत नाही.

बेरेन सुरीने एक रत्न कापून काढतो. मर्त्य हाताला ते जाळील असे वार्दाचे वचन होते. शब्दशः पाहिले तर बेरेनचा हात जळावयास हवा. पण रत्न त्याचा स्पर्श सहन करते, त्याच्या मुठीतून दिव्यासारखा उजेड बाहेर पडतो. लेखक कारण सांगत नाही. बेरेन रत्नासाठी रत्न घ्यायला आलेला नव्हता, एवढेच आपण म्हणू शकतो. पण लगेच पुढे काय होते? त्याच्या मनात येते की, वचन एकाचे होते खरे, तरी तिन्ही का नेऊ नयेत? तो दुसऱ्या रत्नाला सुरी लावतो, पाते मोडते, तुकडा मॉर्गोथच्या गालाला लागतो आणि तो झोपेत कण्हतो. दोघे जिवाच्या भीतीने पळतात. प्रेमासाठी मृत्यूच्या दारात गेलेल्या नायकालाही हातात थोडे अधिक घ्यावेसे वाटावे, आणि तेवढ्याच एका वाक्यासाठी कथा त्याला उघडे पाडून पुढे निघून जावी, या संयमाची आम्हांला वारंवार आठवण येते. उपदेश करण्याचा मोह दुसऱ्या एखाद्या लेखकाला आवरला नसता. आमच्या व्यवसायातील माणसाला तर नाहीच.

दारातच कार्खारोथ हा लांडगा बेरेनचा हात मनगटापासून तोडून रत्नासह गिळतो. बेरेन परत येऊन राजाला सांगतो की सिल्मारिल आता या घटकेलाही माझ्या हातात आहे, आणि तुटका हात पुढे करतो. अट पूर्ण झाली, आणि दाखवावयाला काहीच नाही. थिंगॉल त्याला आपला मानतो. पुढे लांडग्याच्या पोटातून रत्न निघते आणि थिंगॉलच्याच मृत्यूला कारण होते. (ते प्रकरण टोल्किन पुरे करू शकले नव्हते, चिरंजिवांना ते बरेचसे जुळवून घ्यावे लागले, आणि वाचताना तो सांधा जाणवतो.)

हेच रत्न लुथिएनच्या नातीकडून, म्हणजे एल्विंगकडून, तिच्या पतीकडे येते. हा एआरेन्दिल दर्यावर्दी आहे, अर्धा एल्फ आणि अर्धा मनुष्य. जग विनाशाच्या काठावर असताना मर्त्यांना बंदी असलेल्या पश्चिमेच्या भूमीकडे तो जहाज हाकतो. रत्न त्याच्या कपाळावर बांधलेले आहे. तेथे पोहोचून तो दोन्ही वंशांसाठी क्षमा, दया आणि साहाय्य मागतो. त्याची याचना मान्य होते. त्याला मात्र पुन्हा आपल्या माणसांत जाता येत नाही. त्याचे जहाज आकाशात पाठविले जाते आणि ते रत्न तारा होऊन दिसू लागते.

फेआनोर, मॉर्गोथ, एआरेन्दिल. एकाच प्रकाशाने उजळलेली ही तीन कपाळे आहेत. पहिल्याने तो आपलाच म्हणून मिरविला, दुसऱ्याने चोरून त्याचे सिंहासन केले. तिसऱ्याने तो दुसऱ्यांसाठी मागणे मागायला जाताना वाट दिसावी म्हणून बांधला. टोल्किन यांनी हे तिन्ही प्रसंग एकमेकांपासून दूर दूर ठेवले आहेत आणि त्यांतला दुवा कुठेही बोलून दाखविलेला नाही. मराठीत कपाळ या शब्दाला दैवाचाही अर्थ आहे, आणि बाप्तिस्म्याच्या क्रुसापासून भस्मबुधवारच्या राखेपर्यंत आपल्याला कपाळाचे महत्त्व ठाऊकच आहे. म्हणून हा दुवा आपल्या वाचकाला चटकन सापडावा.

येथे एक इशारा देणे भाग आहे. मॉर्गोथ म्हणजे सैतान, एआरेन्दिल म्हणजे प्रभू येशू, लोखंडी मुकुट म्हणजे काटेरी मुकुटाचे विडंबन, असे कोष्टक मांडण्याची घाई कॅथलिक वाचकाला होते. टोल्किन यांना रूपककथेचा मनस्वी कंटाळा होता आणि तो त्यांनी ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत स्पष्ट नोंदविला आहे. येशूसंघीय मित्र रॉबर्ट मरे यांना १९५३ साली लिहिलेल्या पत्रात त्या कादंबरीला त्यांनी मुळात धार्मिक आणि कॅथलिक कृती म्हटले हे खरे. पण त्याच पत्रात, धर्माचे उघड उल्लेख आपण त्या कल्पित जगातून जवळजवळ काढूनच टाकले, असेही ते सांगतात. श्रद्धा कथेत मुरलेली आहे. ती वेगळी काढून ताटात वाढायला गेलो तर हाती कथाही लागत नाही. एआरेन्दिल कुणाचे तारण करीत नाही, तो केवळ याचना करतो. मॉर्गोथही थकतो, लंगडतो, त्याला भीती वाटते. कोष्टकात हे कुठे बसवावयाचे?

आणि एका ठिकाणी तर श्रद्धावान वाचकाला ठेच लागावी, अशी रचना आहे. शेवटच्या युद्धात पराभूत मॉर्गोथ सर्वांत खोल खाणीत पळून जातो आणि तह व क्षमा मागतो. त्याचे पाय छाटले जातात, त्याला पालथा पाडतात, साखळीने बांधतात, आणि लोखंडी मुकुट ठोकून त्याच्या गळ्यातला पट्टा बनविला जातो. मान गुडघ्यांपर्यंत वाकविली जाते. स्वतःच्या हाताने घडविलेला मुकुट गळपट्टा व्हावा, यातला न्याय इतका चपखल आहे की प्रथम वाचनात आपण मनातल्या मनात दाद देतो. नंतर लक्षात येते की त्याने क्षमा मागितली होती. पापनिवेदनाच्या कोठडीत बसणाऱ्या माणसाला हे वाक्य सहज ओलांडता येत नाही. त्याला फार पूर्वी एकदा क्षमा मिळाली होती आणि तिचाच त्याने घात केला होता, हे खरे. त्याचे मागणे मनापासूनचे होते की नव्हते, हे निवेदक सांगत नाही. आमच्या मते एवढ्या मोठ्या प्रश्नाला टोल्किन यांनी अर्धे वाक्य दिले, ही ग्रंथातील उणीव आहे. विसाव्या शतकातील दोन महायुद्धे पाहिलेल्या लेखकाने पराभूताच्या याचनेपाशी थोडे अधिक थांबावयास हवे होते.

आश्चर्य असे की, त्याच प्रकरणात, काही पानांच्या अंतरावर, त्यांनी नेमके हेच थांबणे साधले आहे. मुकुटातून काढलेली उरलेली दोन रत्ने विजेत्यांच्या छावणीत असतात. फेआनोरचे हयात असलेले दोन पुत्र, माएध्रोस आणि माग्लोर, शपथेने बांधलेले आहेत. शरण जावे, असे माग्लोरला वाटते. माएध्रोस त्याला वळवितो. ते पहारेकऱ्यांना मारून रत्ने पळवितात. छावणी जागी होते, पण सेनानी एओन्वे त्यांना मारू देत नाही. ते सुटतात. आणि मग वडिलांनी घडविलेले रत्न मुलाच्या हाताला जाळू लागते. मॉर्गोथचा हात ज्या आगीने जळाला तीच ही आग. आपला हक्क केव्हाच संपला आहे, हे माएध्रोसला त्या क्षणी कळते. कुणी न्यायाधीश नाही, कुणी शिक्षा फर्मावीत नाही. तो रत्नासह धगधगत्या दरीत उडी घेतो. माग्लोर आपले रत्न समुद्रात फेकतो आणि किनाऱ्याकिनाऱ्याने दुःखाने गात भटकत राहतो. एक रत्न आकाशात, एक पृथ्वीच्या पोटात, एक पाण्यात. मुकुटात तिघांना एकत्र धरून ठेवले होते ते लोखंडाने.

वाचकांपैकी पुष्कळांनी ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चे चित्रपट पाहिले असतील. २००३ साली आलेल्या तिसऱ्या चित्रपटात फ्रोडो कोळिणीच्या बोगद्यात एक लहानशी कुपी उंच धरतो, तो प्रसंग आठवावा. त्या कुपीतला प्रकाश एआरेन्दिलच्या ताऱ्याचा आहे. म्हणजेच तो लोखंडी मुकुटातून कापून आणलेल्या रत्नाचा आहे. आणि बोगद्यातली शेलॉब ही वृक्ष मारणाऱ्या त्याच उंगोलियान्टची संतती. जो प्रकाश आई आधाशीपणे प्यायली, तो हजारो वर्षांनंतर मुलीच्या डोळ्यांना सोसवत नाही. कादंबरीत सॅमला, त्या साध्या माळ्याला, ही साखळी बोलता बोलता एकदम उमगते. बेरेनच्या गोष्टीतच आपणही अजून आहोत, ती संपलेलीच नाही, असे त्याला वाटते. त्या अंधाऱ्या जिन्यावरील हे संभाषण आम्ही कितीदा वाचले याची गणती नाही.

ग्रंथ वाचायला सोपा नाही. नावे पुष्कळ, संवाद थोडे, भाषा जुन्या इतिवृत्तासारखी दूरची. मधल्या भूगोलाच्या प्रकरणात तर नकाशा उघडून बसावे लागते, आणि तरीही कंटाळा येतो. घरातील तरुणांनी पहिल्या पानापासून आरंभ करून तिसऱ्या प्रकरणात पुस्तक मिटवून ठेवण्यापेक्षा आधी एकोणिसावे, बेरेन आणि लुथिएन यांचे प्रकरण वाचावे. मग मागे जाऊन सातवे ते नववे वाचावे, म्हणजे रत्नांचा जन्म, फेआनोरचा नकार आणि मुकुटाची घडण हे सारे एका ओळीत येईल. आणि त्यानंतर चोविसावे. वंशावळी शेवटी दिलेल्या आहेत, त्यांच्याकडे अडले तरच पाहावे. मालिका त्यानंतर पाहिली तरी चालेल.